धर्मग्रामाच्या कॉयरसाठी नवं नोटेशन: कोणती आवृत्ती घ्यावी, कोणती घेऊ नये

सोलापुरातल्या धर्मग्रामाचा (पॅरिशचा) कॉयर, म्हणजे देवळातला गायकवृंद, साधारण बारा-चौदा गळे, त्यात पुरुष तीन, फार तर चार. एक कीबोर्ड, एक गिटार, तबला किंवा ढोलक आणि नाताळला कुणाची तरी बासरी. कुणाच्या घरी तेलुगू, कुणाच्या कन्नड, कुणाच्या तमिळ, पण मराठी मिस्सा (कॅथलिक उपासनाविधी) आणि इंग्रजी मिस्सा दोन्ही सांभाळणारी माणसं तीच. अशा कॉयरला परदेशी प्रकाशकांचं आजच्या काळातलं कॅथलिक संगीत विकत घ्यायचं असेल, तर निकाल आधीच सांगून टाकतो. चार आवाजांची ऑक्टेवो घेऊ नका. त्याच गाण्याची गिटार-आवृत्ती किंवा कीबोर्ड-आवृत्ती घ्या आणि उरलेले पैसे एका चांगल्या मिस्सा-संचावर (मिस्सेतल्या ठरलेल्या प्रार्थनांच्या चालींवर) घाला.

दुकानात एकच गाणं चार-पाच रूपांत विकायला असतं आणि गोंधळ तिथूनच सुरू होतो. ऑक्टेवो म्हणजे कॉयरची पुस्तिका: सोप्रानो, आल्टो (बायकांचे उंच आणि खालचे आवाज), टेनर, बास (पुरुषांचे उंच आणि खालचे) अशा चार ओळी आणि खाली पियानो. कीबोर्ड-आवृत्तीत चाल, शब्द आणि दोन्ही हातांची पूर्ण साथ असते. गिटार-आवृत्तीत चालीची एकच ओळ, शब्द आणि वर कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजवायच्या स्वरांच्या गटांची नावं. वाद्यांच्या आवृत्तीत बासरी, व्हायोलिन, ट्रम्पेट यांचे सुटे कागद. शेवटची लोकांसाठीची आवृत्ती, म्हणजे बाकावरच्या भाविकांच्या हातात द्यायची चाल आणि शब्द. किमती वेगळ्या, फाईली वेगळ्या. एक घेतली की दुसरी आपोआप मिळेल असं समजू नका. ऑक्टेवोमध्ये पियानोची साथ असते खरी, पण गिटारचे कॉर्ड प्रत्येक ऑक्टेवोत असतीलच असं नाही.

ऑक्टेवोचा मोह पडतो तो नमुन्याचं रेकॉर्डिंग ऐकून. त्या रेकॉर्डिंगमागे वाचून गाणारे, शिकलेले गळे असतात. आपल्याकडे तीन पुरुष असतील तर दोघं बास धरतात आणि टेनरला एकच जण उरतो. तो एखाद्या रविवारी आला नाही की काय होतं ते बघा. संगीतकाराने कॉर्डचे स्वर चार आवाजांत वाटून दिलेले असतात आणि कॉर्ड मेजर की मायनर हे ठरवणारा स्वर बऱ्याच ठिकाणी टेनरकडेच असतो. टेनर गेला की उरलेलं पोकळ वाजतं आणि आल्टोला आपला स्वर कशाच्या आधारावर धरायचा तेच कळेनासं होतं. म्हणून चारऐवजी तीन आवाजांची, म्हणजे सोप्रानो, आल्टो आणि सगळे पुरुष एकत्र अशी रचना शोधा. ती नसेल तर दोन आवाजांची घ्या. एका ओळीची चाल आणि शेवटच्या कडव्यावर दोघीतिघींनी गायचा डेस्कंट, म्हणजे चालीच्या वरून जाणारी वेगळी ओळ, एवढ्यातही देऊळ भरून जातं.

विकत घेण्याआधी नमुन्याचं पान नीट वाचा. बहुतेक प्रकाशक पहिली काही पानं फुकट दाखवतात. पहिलं पान बाजूला ठेवा, ते नेहमीच सोपं दिसतं. आल्टोची ओळ एकटी गाऊन बघा. ती जवळजवळ एकाच स्वरावर रेंगाळत असेल तर दोन सरावांत बसेल. तिच्यात मोठ्या उड्या असतील तर महिना लागेल. मग लोकांच्या ओळीचा सगळ्यात वरचा आणि सगळ्यात खालचा स्वर शोधा. कीबोर्डवरच्या मधल्या सीपासून वरच्या डीपर्यंत चाल राहिली तर भाविक गातात. क्षणभर ईला शिवून खाली आली तरी चालतं, पण चाल तिथेच मुक्काम करत असेल तर ध्रुवपद कॉयरचं एकट्याचं होतं आणि बाक गप्प बसतात. सकाळी लवकरच्या मिस्सेला तर गळे आणखी खाली असतात.

गिटार-आवृत्ती घेतलीत तर एक जागा सांभाळा. चाल एफमध्ये असली तर गिटारवाल्याच्या सोयीसाठी पानावर ‘कॅपो 3’ (गिटारच्या तिसऱ्या फ्रेटवर लावायचा चिमटा) असं लिहून कॉर्डची दुसरी ओळ कंसात दिलेली असते: एफच्या जागी डी, बी-फ्लॅटच्या जागी जी. ही कंसातली ओळ फक्त कॅपो लावलेल्या गिटारसाठी आहे. आपल्याकडे कीबोर्ड वाजवणारे बहुतेक जण स्टाफ (पाच रेघांचं नोटेशन) न वाचता कॉर्ड बघून वाजवतात, त्यामुळे डोळा सोप्या ओळीकडे जातो. मग गिटार एफमध्ये आणि कीबोर्ड डीमध्ये, आणि चूक कुणाची ते सापडत नाही. कीबोर्डच्या प्रतीवर कंसातली ओळ पेन्सिलने खोडून टाका, गिटारच्या प्रतीवर वरची. हे काम सरावाच्या आधी करायचं.

दुसरी जागा तिरप्या रेघेच्या कॉर्डची. डी, मग तिरपी रेघ, मग एफ-शार्प, याचा अर्थ कॉर्ड डीचा पण डाव्या हाताचा सगळ्यात खालचा स्वर एफ-शार्प. नव्या गाण्यांत बासचे स्वर पायरी-पायरीने उतरत जातात आणि गाण्याची निम्मी गोडी त्या उतरण्यात असते. कीबोर्ड ऑटो-साथीच्या साध्या ‘फिंगर्ड’ मोडवर असेल तर तो ही रेघ मानत नाही, प्रत्येक वेळी डीच वाजवतो. ज्या कीबोर्डमध्ये ‘फिंगर्ड ऑन बेस’ मोड आहे तिथे तो लावा. नसेल तर ऑटो-साथ बंद करून डावा हात स्वतः वाजवा. ट्रम्पेट किंवा क्लॅरिनेट वाजवणारा मिळाला तर त्याला बी-फ्लॅटचाच कागद द्या. सीचा कागद दिला तर त्याचं सगळं वाजवणं एक पूर्ण स्वर खाली येतं.

आता तबल्याकडे येऊ. परदेशी कॅटलॉगमध्ये याचा उल्लेखही नसतो आणि आपला रविवार बहुतेक वेळा इथेच फसतो. इंग्रजी मिस्सेत प्रवेशगीत डीमध्ये, अर्पणगीत ई-मायनरमध्ये, ख्रिस्तप्रसादाचं गीत एफमध्ये असं सहज होतं. कीबोर्डला काही फरक पडत नाही, पण तबला गाण्यागणिक उतरवता-चढवता येत नाही. म्हणून गाणी निवडताना पट्टीचा हिशेब आधी करा. तबला पांढरी दोनमध्ये, म्हणजे डीमध्ये लावला तर डीच्या गाण्यात तो षड्ज देतो आणि जीच्या गाण्यात पंचम. दोन्ही कानाला गोड लागतात. ई-मायनरच्या गाण्यात मात्र तोच तबला कोमल निषाद होतो आणि शेवटपर्यंत खुपत राहतो. ते गाणं एक स्वर खाली, डी-मायनरमध्ये आणा. एफचं गाणं डीमध्ये उतरवा, बाकांनाही ते सोपं जाईल. काही प्रकाशक एकच फाईल हव्या त्या पट्टीत उतरवून देतात. आपल्यासारख्या कॉयरला या सोयीसाठी थोडे जास्त पैसे द्यायला हरकत नाही.

सोलापूरच्या मार्च-एप्रिलमधली कोरडी हवा चामडं ताणते आणि तबला आपोआप चढतो. ईस्टरच्या आधीचा पवित्र आठवडा नेमका तेव्हाच येतो. हार्मोनियम किंवा कीबोर्ड जागचा हलत नाही, त्यामुळे सरावात जुळलेला तबला मिस्सेत चढलेला निघतो. तो देवळात नेऊन अर्धा तास राहू द्या आणि मगच हातोडी घ्या.

तालाचं असंच. चार-चारचं गाणं केरव्यात बसतं, तीन-चार आणि सहा-आठचं दादऱ्यात. पण नव्या संगीतकारांना कडव्याच्या शेवटी दोन मात्रांचं एक बार (उभ्या रेघांमधला मात्रांचा गट) मध्येच घालायची सवय आहे, कारण इंग्रजी वाक्य तिथे संपतं आणि त्यांना वाट बघायची नसते. तबलजीच्या दृष्टीने ते केरव्याचं अर्धं आवर्तन. पुढची ओळ समेवर यायची ती खालीवर येते आणि तिथून पुढे सगळं उलटं पडतं. तीन-चारच्या गाण्यात दोन बारांचं दादऱ्याचं एक आवर्तन होतं, त्यामुळे सात बारांची ओळ आली की हाच घोळ. नमुन्याच्या पानावर तालाचे आकडे मध्येच बदलताना दिसले तर ते गाणं तबल्याशिवाय, नुसत्या गिटारवर घ्या. किंवा ओळीचा शेवटचा स्वर दोन मात्रा जास्त धरा. लोकांना श्वास घ्यायला तेवढा वेळ तसाही लागतो. इंग्रजी गाणी बऱ्याचदा समेच्या आधी एक-दोन मात्रांवर उठतात. तबलजीने त्या मात्रा सोडून समेवर शिरायचं, हे त्याच्या प्रतीवर लाल पेनाने लिहून ठेवा.

चाल पसंत पडली तरी शब्द तपासल्याशिवाय पैसे भरू नका. मिस्सेचं इंग्रजी भाषांतर 2011 च्या आगमनकाळापासून (नाताळाच्या आधीच्या आठवड्यांपासून) बदललं. त्याआधीच्या मिस्सा-संचांत ‘पवित्र पवित्र’मध्ये ‘गॉड ऑफ पॉवर अँड माइट’ असे शब्द आहेत. आता ‘गॉड ऑफ होस्ट्स’ म्हणतात. गौरवगीत तर जवळजवळ पूर्ण नवं आहे. जुने संच अजून बाजारात आणि इंटरनेटवर फिरतात. ओळखायची खूण सोपी: पहिल्या पानाच्या तळाशी आयसीईएल या भाषांतर करणाऱ्या संस्थेच्या नावापुढचं वर्ष बघा. 1973 असेल तर शब्द जुने, 2010 असेल तर नवे. काही जुन्या लोकप्रिय संचांच्या सुधारित आवृत्त्या निघाल्या आहेत. त्यांचं नाव तेच राहिलं आहे, म्हणून नावावर विसंबू नका. जुन्या गाण्यांत ‘याव्हे’ हे देवाचं नाव असेल तर तेही उपासनेत गायचं नाही, तशी सूचना रोमहून 2008 साली आली आहे. प्रकाशकांनी नव्या छपाईत तो शब्द बदलला, जुन्या झेरॉक्समध्ये तो तसाच राहिला.

प्रतिसाद स्तोत्रासाठी (वाचनानंतर लोकांनी प्रतिसाद देत म्हणायच्या स्तोत्रासाठी) अमेरिकन पुस्तक घेणं आपल्याला परवडत नाही, आणि यात मुद्दा पैशांचा नाही. भारतात इंग्रजी वाचनांचं पुस्तक 2020 च्या झावळ्यांच्या रविवारपासून (ईस्टरच्या आधीच्या रविवारपासून) ईएसव्ही या इंग्रजी बायबल-भाषांतराच्या कॅथलिक आवृत्तीवर आलं, तर अमेरिकेतली स्तोत्रं त्यांच्या न्यू अमेरिकन बायबलवर बेतलेली आहेत. वाचक पुस्तकातून एक प्रतिसाद सांगतो आणि कॉयर दुसराच गातो, असं होतं. इंग्लंड-वेल्सनेही 2024 च्या आगमनकाळापासून ईएसव्ही घेतलं आहे, त्यामुळे तिकडची नवी रचना जास्त जवळची निघू शकते, पण तीही ओळ-ओळ ताडून बघा. त्यापेक्षा चार ओळींची एक साधी स्तोत्र-धून शिका आणि दर रविवारचे शब्द तिच्यावर बसवा. वर्षभर पुरते आणि एक पैसा लागत नाही.

आता खर्च कशावर करायचा ते. पहिला खर्च मिस्सा-संचावर. दया-याचना, गौरवगीत, आलेलुया, ‘पवित्र पवित्र’, स्मरण-घोष, आमेन आणि ‘देवाचा कोकरा’, या सगळ्यांच्या एकाच घाटाच्या चाली. प्रवेशगीत दर आठवड्याला बदलतं, हे बदलत नाहीत. म्हणून हेच लोकांच्या तोंडी बसतं. कॉयरने आधी ‘पवित्र पवित्र’, स्मरण-घोष आणि आमेन पक्के करावेत, आलेलुया त्यानंतर, गौरवगीत सगळ्यात शेवटी. गौरवगीताचे दोन प्रकार मिळतात: सलग आणि ध्रुवपदाचं. ध्रुवपदाचं लोक पहिल्याच दिवशी उचलतात, पण ते लांबतं. सलगला महिना लागतो, पण एकदा बसलं की बसलं. आमची पसंती सलगला, आणि त्यातही लोकांची ओळ दुसऱ्या-तिसऱ्या वाक्याला पुन्हा तीच येते अशा चालीला. एक संच निदान वर्षभर तरी बदलू नका. ईस्टरच्या आधीच्या उपवासकाळात गौरवगीत आणि आलेलुया नसतात आणि वाद्यं फक्त गाण्याला आधार देण्यापुरती, त्यामुळे लांबलचक बासरीच्या तुकड्यांवर उभी असलेली रचना त्या सहा आठवड्यांसाठी घेऊन उपयोग नाही.

मराठी मिस्सेला यातलं काय चालेल? इंग्रजी संचाची चाल घेऊन तिच्यावर मराठी शब्द चिकटवायचा मोह आवरा. ‘होली’ दोन अक्षरांचा शब्द, तीनदा म्हटला की सहा अक्षरं. ‘पवित्र’ तीन अक्षरांचा, तीनदा म्हणजे नऊ. तीन जादा अक्षरं कुठेतरी कोंबावी लागतात. शिवाय ‘पवित्र’मध्ये वजन ‘वि’वर आहे, कारण पुढे जोडाक्षर आहे. चालीने ‘प’ लांबवला की ते ‘पाऽवित्र’ ऐकू येतं. ‘दया’चं त्याहून वाईट. ‘द’ लघू, ‘या’ गुरू. पहिल्या अक्षरावर लांब स्वर असलेल्या चालीत ‘दया कर’चं ‘दाऽय कर’ होतं, आणि ज्या क्षणी माणसं देवापुढे हात जोडून उभी असतात त्याच क्षणी शब्द मोडतो. मराठीसाठी मराठीतूनच बांधलेली चाल हवी. मिस्सेचे मान्यताप्राप्त शब्द चालीसाठी बदलायचे नसतात, चाल शब्दांमागे न्यायची.

अडचण ही की मराठी गीतांची पुस्तकं बहुतेक नुसत्या शब्दांची असतात. चाल तोंडी फिरते आणि दर गावी थोडी वेगळी होते. म्हणून चालू मराठी गाणी एकदा कागदावर उतरवून काढणं हे कोणत्याही विकतच्या पुस्तकाइतकंच मोलाचं आहे. म्यूजस्कोर हे फुकट सॉफ्टवेअर त्यासाठी पुरेसं आहे. शब्द भरताना ते अक्षर-अक्षर तोडा (प-वि-त्र), जोडाक्षर मधून तोडू नका, नाहीतर पाय मोडलेली अक्षरं छापली जातात. आणि देवनागरीचा फॉन्ट शैलीत आधीच निवडून ठेवा. स्टाफ न वाचणाऱ्यांसाठी खाली भातखंडे पद्धतीने सरगम द्या: कोमल स्वराखाली आडवी रेघ, तीव्र मध्यमावर उभी रेघ, समेला फुली. डोक्यावर ‘सा = पांढरी दोन’ असं लिहायला विसरू नका. मायनर चालीत त्या मायनरच्या मूळ स्वरालाच सा धरा. पाश्चात्त्य सोल्फाप्रमाणे (डो-रे-मी पद्धतीप्रमाणे) त्याला ‘ला’ धरून लिहिलं तर तबला आणि सरगम दोन वेगळ्या गोष्टी सांगू लागतात.

आता कुठून घ्यायचं. अमेरिकेतल्या पोर्टलंडचं ओसीपी हे प्रकाशन 1922 पासूनचं, गिटारवर बेतलेली आणि साध्या चालीची गाणी तिथे सगळ्यात जास्त. आपल्या कॉयरची पहिली खरेदी इथून व्हावी. शिकागोचं जीआयए हे प्रकाशन जास्त घडवलेलं, कॉयरच्या अंगाने जाणारं संगीत देतं. 2020 पासून वर्ल्ड लायब्ररी या दुसऱ्या प्रकाशकाचा संग्रहही त्यांच्याकडेच आहे. तिथली छोटी, पुनःपुन्हा म्हणायची ध्यानगीतं ख्रिस्तप्रसादाच्या वेळी आपल्याकडे छान चालतात, कारण पुस्तक हातात न घेता रांगेत चालता-चालता गाता येतात. सीपीडीएल हा इंटरनेटवरचा 1998 सालचा फुकट संग्रह बहुतांशी जुन्या कॉयर-रचनांचा आहे. आजचे काही संगीतकारही तिथे आपली गाणी ठेवतात, पण प्रत्येक पानावरची परवानगीची ओळ वाचा. कुणीही चढवलेल्या नोटेशनच्या साइटवरून मात्र घेऊ नका: कानाने उतरवलेले चुकीचे कॉर्ड असतात आणि परवानगीही नसते. हातात घेऊन चाळायचं असेल तर सिद्धेश्वर एक्सप्रेसने सकाळी मुंबईत उतरून धोबी तलावचं फुर्टाडोज गाठा, सीएसएमटीपासून चालत जाता येतं. 1865 पासूनचं दुकान आहे.

डिजिटल ऑक्टेवोची एक प्रत साधारण दोन-तीन डॉलरला पडते आणि प्रती माणशी घ्याव्या लागतात: बारा गायक, एक कॉयर लीडर, एक कीबोर्ड म्हणजे चौदा. एक घेऊन चौदा झेरॉक्स काढणं ही चोरीच, आणि ती चर्चच्या नावाने होते. भारताच्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम 52 खऱ्याखुऱ्या धार्मिक विधीत गाणं गायची मोकळीक देतं, कागदाच्या प्रती काढायची नाही. लोकांसाठी शब्द-चाल छापायची किंवा पडद्यावर दाखवायची असेल तर वन लायसन्ससारखा परवाना आहे. त्याची फी मिस्सेच्या सरासरी उपस्थितीवर ठरते, पण कॉयरच्या ऑक्टेवो आणि साथीची पुस्तकं त्यात येत नाहीत. मुदतीचा नियम: लेखकाच्या मृत्यूनंतर 60 वर्षं. रेव्हरंड नारायण वामन टिळक 1919 साली गेले, म्हणजे त्यांचे शब्द सगळ्यांचे. त्यावर आज कुणी बांधलेली चाल मात्र त्या बांधणाऱ्याची. पैसे भरताना कार्डावर परदेशी व्यवहार बँकेच्या ॲपमधून आधी चालू करा.

छपाईला ए3 मशीन असलेलं झेरॉक्सचं दुकान शोधा आणि ‘बुकलेट, दोन्ही बाजू’ असं सांगा: आठ पानांच्या ऑक्टेवोला दोन ए3 कागद, मधोमध दोन पिना. सुट्या ए4 पानांवर छापलं तर ‘डीएस अल कोडा’ला (मागच्या खुणेपाशी जाऊन मग शेवटच्या तुकड्यावर, कोडावर, उडी मारायच्या सूचनेला) तीन पानं मागे जाताना पंख्याखाली कागद उडतात आणि कोडा लागेपर्यंत गाणं संपतं. ऑक्टेवोचं मूळ पान ए4 पेक्षा लहान असतं, पण जुन्या गायकांना चष्म्यातूनही बारीक दिसतं, म्हणून ‘फिट टू पेज’ने मोठं करून घ्या. कागद 100 जीएसएमचा घ्या. 70 च्या कागदावर मागच्या बाजूच्या ओळी पुढे दिसतात आणि आल्टो भलत्याच ओळीवर जाते. प्रत्येक प्रतीवर नंबर टाका, खरेदीची पावती नंबर एकच्या प्रतीत चिकटवा आणि मिस्सा झाली की चौदाच्या चौदा मोजून परत घ्या.